रिपोर्टमधला लाल आकडा आणि पन्नाशीतला थकवा

वाचकाचं पत्र, थोडक्यात :
वाचक 52 वर्षांचे. मराठवाड्यातल्या एका औद्योगिक वसाहतीत शिफ्ट सुपरवायझर. महिन्यातून एक आठवडा रात्रपाळी. नऊ वर्षांपासून मधुमेह, त्यासाठी मेटफॉर्मिन. घर माळकरी, त्यामुळे जेवण पूर्ण शाकाहारी. उंची बेताची, वजन 88 किलो. दारू नाही, तंबाखू आहे. दीडेक वर्षापासून सतत थकवा, चिडचिड, कशातच मन लागत नाही. लैंगिक इच्छा कमी झाली आहे आणि ताठरता टिकत नाही. आपल्या घोरण्याने पत्नीची झोप मोडते असं सांगून ते दीड वर्षापासून हॉलमध्ये झोपतात. खरं कारण पत्नीला ठाऊक नाही. इंजेक्शन घेऊन छान वाटतंय असं सांगणाऱ्या एका सहकाऱ्याने सुचवलं म्हणून घरी येऊन रक्त नेणाऱ्या लॅबचं पॅकेज घेतलं. रात्रपाळीच्या आठवड्यात, दुपारी चार वाजता, जेवण झाल्यावर रक्त दिलं. टेस्टोस्टेरॉन, म्हणजे पुरुषांचं मुख्य हार्मोन, आलं 262, ॲपवर लाल अक्षरांत. तेव्हापासून ‘पुरुषांच्या आरोग्या’च्या एका क्लिनिकचे फोन सुरू आहेत : तीन महिन्यांचा इंजेक्शनचा कोर्स करा, पंचविशीतला जोम परत येईल. ते विचारतात, इंजेक्शन घेऊ का? आणि हे बायकोला सांगायलाच हवं का? जाता जाता लिहितात, ‘हल्ली तिसऱ्या मजल्यावरच्या घरी पोचेपर्यंत मध्ये एकदा थांबावं लागतं, ते वजनामुळे असेल.’ आणि शेवटी : ‘पुरुष म्हणून मी संपलो असं वाटतं.’

नमस्कार.

तुमच्या दोन्ही प्रश्नांकडे येतो. पण तुम्ही जाता जाता लिहिलेलं जिन्याचं वाक्य मला जास्त महत्त्वाचं वाटतं, म्हणून आधी तेच.

वय 52, नऊ वर्षांचा मधुमेह, तंबाखू, वाढलेलं वजन, ताठरतेची तक्रार आणि जिना चढताना थांबावं लागणं. हे सगळं एकत्र पाहिलं की माझ्या मनात टेस्टोस्टेरॉनच्या आधी हृदय येतं. ताठरता म्हणजे मुळात रक्तपुरवठ्याचं काम आहे. लिंगाला रक्त पुरवणाऱ्या धमन्या एक-दोन मिलिमीटरच्या असतात आणि हृदयाच्या तीन-चार मिलिमीटरच्या. मधुमेह आणि तंबाखू दोन्हीकडच्या धमन्यांचं अस्तर खराब करतात, पण बारीक धमनी आधी कुरकुरते. म्हणून पुष्कळ पुरुषांमध्ये ताठरतेची अडचण हृदयविकाराच्या दोन-तीन किंवा चार-पाच वर्षं आधी दिसते. त्यात मधुमेहींना हृदयाचं दुखणं नेहमीसारखं छातीत कळ येऊन कळतंच असं नाही. नुसता दम लागतो, थकवा येतो. तुम्हाला घाबरवायचं नाही. तुमच्या हृदयाला काही झालंय असंही मी म्हणत नाही, ते पत्र वाचून कुणाला सांगता येणार नाही. पण याच आठवड्यात तुमच्या नेहमीच्या डॉक्टरांकडे जा, जिन्याचं त्यांना सांगा, ईसीजी काढा आणि टूडी इको किंवा स्ट्रेस टेस्ट लागेल का ते त्यांना ठरवू द्या. छाती जड झाली, घाम फुटला, डावा हात किंवा जबडा दुखू लागला, तर मात्र अपॉइंटमेंटची वाट न पाहता थेट दवाखाना गाठा.

आता तो लाल आकडा.

टेस्टोस्टेरॉन दिवसभर सारखं नसतं. ते झोपेत चढतं, पहाटे-सकाळी सर्वांत जास्त असतं आणि दिवस पुढे सरकतो तसं उतरतं. जेवल्यावर, विशेषतः गोड खाल्ल्यावर, आणखी उतरतं. म्हणूनच ही तपासणी सकाळी सात ते दहाच्या दरम्यान, उपाशीपोटी, रात्रीची नीट झोप झाल्यावर करायची असते. आणि कमी आली तर दुसऱ्या एखाद्या दिवशी तशीच पुन्हा. पहिल्या वेळी कमी निघालेल्यांपैकी जवळपास 30 टक्के पुरुषांचा आकडा दुसऱ्या वेळी नॉर्मल येतो. तुमचं रक्त रात्रपाळीच्या आठवड्यात, मोडक्या झोपेनंतर, भरल्या पोटी, दुपारी चारला घेतलं गेलं. आकडा कमी यावा यासाठी जे जे करता येईल ते नकळत सगळं झालं होतं. लॅबने रक्त बरोबर मोजलं असेल, पण जे मोजलं त्याला निदान म्हणत नाहीत.

शिवाय 262 म्हणजे किती कमी? अमेरिकेतल्या हार्मोनतज्ज्ञांची संघटना खालची मर्यादा 264 (नॅनोग्रॅम प्रति डेसिलीटर) धरते, तिथल्याच मूत्रविकारतज्ज्ञांची संघटना 300 धरते. म्हणजे तज्ज्ञांमध्येच ही रेघ इकडेतिकडे आहे, आणि तुम्ही पहिल्या रेघेच्या दोन अंक खाली आहात. त्यात आणखी एक गोष्ट. रक्तातलं बहुतेक टेस्टोस्टेरॉन प्रथिनांना चिकटून फिरतं, आणि त्यातलं एसएचबीजी नावाचं प्रथिन स्थूलपणात आणि मधुमेहात कमी होतं. मग एकूण आकडा कमी दिसतो, पण शरीराला प्रत्यक्ष वापरता येणारं मोकळं टेस्टोस्टेरॉन पुरेसं असू शकतं. पॅकेजमध्ये हे मोजलेलं नसतं. तुमच्याबाबतीत ते मोजायला हवं.

वयाबरोबर ही पातळी उतरते हे खरं आहे. चाळिशीच्या आसपासपासून वर्षाला साधारण एक टक्का, हळूहळू. बाईची पाळी जाते तसा पुरुषात कुठला ठरलेला टप्पा येत नाही. युरोपातल्या आठ शहरांमधल्या 40 ते 79 वयाच्या तीन हजारांहून जास्त पुरुषांचा मोठा अभ्यास 2010 मध्ये प्रसिद्ध झाला. रक्तातला आकडाही कमी आणि लैंगिक लक्षणंही स्पष्ट, असे त्यात सुमारे दोनच टक्के निघाले. थकलेले, उदास, झोप न लागणारे मात्र कितीतरी होते. त्यांच्या थकव्याचं टेस्टोस्टेरॉनशी तसं घट्ट नातं दिसलं नाही. पन्नाशीतल्या थकव्याचं एकच कारण असणार आणि ते हार्मोनच असणार, हे तुम्ही गृहीत धरलंय. ते तुम्हाला फोन करणाऱ्यांनी धरायला लावलंय असं मला वाटतं.

तुमच्याच पत्रात थकव्याची निदान चार कारणं बसलेली आहेत.

पहिलं बी-12. हे जीवनसत्त्व निसर्गतः प्राणिज अन्नातूनच मिळतं. शाकाहारी घरात दूध-दही-ताक जेवढं पोटात जाईल तेवढंच. त्यावर मेटफॉर्मिन वर्षानुवर्षं घेतलं की ते शोषलं जाणंही कमी होतं. नऊ वर्षं मेटफॉर्मिन आणि जन्मभर शाकाहार, म्हणजे तुमचं बी-12 तपासलेलं असायलाच हवं होतं. ते कमी असलं की थकवा येतो, पायांना मुंग्या येतात, चिडचिड होते, विसरायला होतं. आणि उपाय स्वस्त आहे. मेटफॉर्मिन मात्र स्वतःच्या मनाने बंद करू नका.

दुसरं घोरणं. पत्नीला सांगायला ते तुम्ही निमित्त म्हणून वापरलंत, पण मला ते खरं दुखणं वाटतं. जाड मान, वाढलेलं पोट, जोरात घोरणं आणि दिवसभर मरगळ हे झोपेत श्वास अडकण्याचं चित्र असू शकतं, ज्याला डॉक्टर स्लीप ॲप्निया म्हणतात. रात्रीत शंभर वेळा झोप मोडते आणि माणसाला पत्ता नसतो. सकाळी उठल्यावर वाटतं आठ तास झोपलो. यात साखर आणि रक्तदाब वाढतात, टेस्टोस्टेरॉन उतरतं. 2011 मध्ये शिकागोतल्या एका प्रयोगात धडधाकट तरुणांना आठवडाभर रोज पाचच तास झोपू दिलं, तर त्यांचं दिवसाचं टेस्टोस्टेरॉन 10 ते 15 टक्क्यांनी घसरलं. तुम्ही बावन्नचे आहात, वर रात्रपाळी आहे. स्लीप स्टडी हल्ली घरीही करता येते, डॉक्टरांना त्याबद्दल विचारा. आणि हे लक्षात ठेवा, की तीव्र स्लीप ॲप्नियावर इलाज झालेला नसताना टेस्टोस्टेरॉनचं इंजेक्शन देऊच नये, तो त्याने बिघडू शकतो. तुम्हाला फोन करणाऱ्यांनी घोरण्याबद्दल एकदा तरी विचारलं का?

तिसरं पोट. पोटावरची चरबी टेस्टोस्टेरॉनचं रूपांतर इस्ट्रोजेनमध्ये करते आणि मेंदूकडून अंडकोषांना जाणारा हुकूमही मंद करते. वजन दहा टक्क्यांनी उतरलं, तुमच्या बाबतीत आठ-नऊ किलो, तरी पातळी आपोआप वर सरकते, साखर सुधारते, घोरणं कमी होतं. हे बोलायला सोपं आणि शिफ्टमध्ये काम करणाऱ्याला फार अवघड आहे, हे मला माहीत आहे. रात्रपाळीला कँटीनमध्ये समोर वडापाव आणि गोड चहा असतो. म्हणून सगळं एकदम बदलायला सांगत नाही. रात्रपाळीचा डबा घरून न्या, भाकरी-उसळ-ताक असा. चहातली साखर बंद करा. आणि हृदयाची तपासणी होऊन डॉक्टरांनी परवानगी दिली की आठवड्यातून दोन-तीन दिवस स्नायूंना ताण देणारा व्यायाम करा, नुसतं चालणं नव्हे. पन्नाशीनंतर स्नायू टिकवायचे तर उठाबशा, जोर, वजन उचलणं यांना पर्याय नाही. तंबाखू सोडण्याबद्दल वेगळं लिहीत नाही. धमन्यांबद्दल वर लिहिलं ते त्यासाठीच.

चौथ्याबद्दल जरा सावकाश बोलायला हवं. ‘कशातच मन लागत नाही’ आणि ‘पुरुष म्हणून मी संपलो’ ही तुमची वाक्यं आहेत. आपल्याकडचा पुरुष डॉक्टरसमोर बसला की ‘अशक्तपणा वाटतो’ एवढंच म्हणतो. मग त्याला टॉनिक मिळतं, बी-कॉम्प्लेक्सचं इंजेक्शन मिळतं, फारच मागे लागला तर सलाईन. उदास वाटतंय हे तो सांगत नाही, आणि कामाच्या गर्दीत त्याला कुणी विचारतही नाही. नैराश्यामध्ये थकवा, चिडचिड, झोप बिघडणं, लैंगिक इच्छा जाणं हे सगळं होतं, आणि ते बरं होतं. दोन आठवड्यांहून जास्त काळ रोज असंच वाटत असेल, तर हे डॉक्टरांना याच शब्दांत सांगा. जगण्याचाच कंटाळा आल्याचे विचार येत असतील, तर आजच कुणाशी तरी बोला; टेलीमानसचा 14416 हा सरकारी क्रमांक चोवीस तास चालू असतो आणि तिथे मराठीत बोलता येतं. आणि संपण्याबद्दल : ज्या माणसाची ताठरता टिकत नाही त्याच्या एका अवयवाच्या कामात अडचण आहे. यापलीकडे त्यातून काहीही सिद्ध होत नाही.

इंजेक्शन शरीरात काय करतं, तेही समजून घ्या. बहुतेकांना वाटतं की कमी पडलंय तेवढं बाहेरून भरायचं. तसं होत नाही. मेंदूच्या तळाशी असलेली पिट्युटरी ग्रंथी अंडकोषांना हुकूम देते आणि रक्तातली पातळी पाहून तो हुकूम कमी-जास्त करते. गच्चीवरची टाकी भरली की मोटर बंद होते, तसं बाहेरून टेस्टोस्टेरॉन आलं की पिट्युटरी आपला हुकूम थांबवते. अंडकोषांचं स्वतःचं उत्पादन बंद पडत जातं, ते आकाराने लहान होतात आणि शुक्राणू तयार होणं जवळजवळ थांबतं. इतकं, की जागतिक आरोग्य संघटनेने 1990च्या सुमारास याच इंजेक्शनचा पुरुषांच्या गर्भनिरोधकासाठी प्रयोग केला होता. कोर्स संपला की स्वतःची पातळी पूर्ववत यायला महिने लागतात. तोवर माणूस पहिल्यापेक्षा जास्त गळून जातो आणि पुन्हा त्याच क्लिनिकच्या दारात उभा राहतो. तीन महिन्यांचा कोर्स हा शब्दप्रयोगच म्हणून मला फसवा वाटतो. ज्याला हे औषध खरंच लागतं, त्याला ते सहसा कायम लागतं. ज्यांची मुलं जिममध्ये अंग भरायला ‘टेस्टो’ घेत असतील त्या वाचकांनीही हा परिच्छेद मुलाला वाचायला द्यावा. विशी-पंचविशीत हे घेतलेल्या काही मुलांना लग्नानंतर मूल होण्यासाठी दवाखान्यांच्या खेपा घालाव्या लागतात.

आणि मिळतं काय? 2016 मध्ये अमेरिकेतला एक नीट आखलेला प्रयोग प्रसिद्ध झाला. 65च्या पुढचे, पातळी खरोखर कमी असलेले 790 पुरुष, अर्ध्यांना वर्षभर टेस्टोस्टेरॉनचं जेल आणि अर्ध्यांना तसंच दिसणारं बिनऔषधी जेल. लैंगिक इच्छा आणि क्रिया थोडी सुधारली. थकव्यात म्हणावा असा फरक पडला नाही. तुमची मुख्य तक्रार थकवा आहे, म्हणून हे मुद्दाम सांगतो. 2023 मध्ये हृदयविकार असलेल्या किंवा त्याचा मोठा धोका असलेल्या पाच हजारांहून जास्त पुरुषांचा अभ्यास आला. हार्ट ॲटॅक आणि पक्षाघाताचं प्रमाण औषधामुळे वाढलं नाही, ही दिलासा देणारी बाजू. पण हृदयाची लय बिघडणं, फुप्फुसात रक्ताची गुठळी जाणं आणि मूत्रपिंडाला इजा होणं औषध घेणाऱ्यांमध्ये थोडं जास्त दिसलं, आणि हाडं मोडण्याचं प्रमाणही जास्त निघालं. ते सगळे पुरुष सकाळी उपाशीपोटी दोनदा तपासून निवडलेले होते आणि देखरेखीखाली होते.

मग इंजेक्शन घेतलेला तुमचा सहकारी छान वाटतं असं म्हणतो ते खोटं का? नाही, त्याला खरंच छान वाटत असेल. 1889 मध्ये ब्राउन-सेकार नावाच्या 72 वर्षांच्या नामांकित शास्त्रज्ञाने पॅरिसमध्ये जाहीर केलं होतं की कुत्र्याच्या आणि गिनीपिगच्या अंडकोषांचा अर्क टोचून घेतल्यावर त्याची तरुणपणची ताकद परतली. त्याचा अर्क पाण्यात केलेला होता, आणि टेस्टोस्टेरॉन पाण्यात जवळजवळ विरघळतच नाही. म्हणजे त्या सुईत हार्मोन असं नव्हतंच. परतली ती उमेद. एवढ्या मोठ्या शरीरशास्त्रज्ञाला जे ओळखता आलं नाही ते तुम्हाआम्हाला कसं येईल? म्हणून पहिल्या महिन्यात कसं वाटतं यावर कुठल्याच औषधाची परीक्षा करू नये.

आता दुसरी बाजूही तितक्याच ठामपणे सांगायला हवी. काही पुरुषांना टेस्टोस्टेरॉन खरोखर लागतं. तरुणपणी गालगुंड होऊन अंडकोषांना सूज आलेली, अंडकोषांना इजा किंवा शस्त्रक्रिया झालेली, केमोथेरपी घेतलेली, पिट्युटरीची गाठ असलेली, स्टिरॉइडच्या गोळ्या किंवा अफूवर्गीय वेदनाशामकं बरीच वर्षं घेतलेली माणसं यात येतात. दाढी विरळ होणं, छाती स्त्रीसारखी वाढणं, सकाळची ताठरता पूर्ण बंद होणं, साध्या पडण्याने हाड मोडणं, या खुणा असतील तर दुर्लक्ष करू नका. असे पुरुष लाजेपायी दहा-दहा वर्षं तसेच काढतात, त्यांना हे औषध मिळायलाच हवं. ते क्लिनिकच्या फोनवरून नको, एंडोक्रायनॉलॉजिस्टकडून, म्हणजे हार्मोनतज्ज्ञाकडून मिळावं. सुरू करण्याआधी प्रोस्टेटसाठी पीएसए ही रक्ततपासणी करतात आणि रक्त किती घट्ट आहे हे पाहण्यासाठी हिमॅटोक्रिट तपासतात, नंतरही ठरावीक काळाने तपासत राहतात. हिमॅटोक्रिट 54 टक्क्यांच्या वर गेलं तर औषध थांबवावं लागतं. प्रोस्टेटचा कर्करोग असेल किंवा गेल्या सहा महिन्यांत हार्ट ॲटॅक येऊन गेला असेल तर ते देत नाहीत. हे काहीही न विचारता सुई टोचायला तयार असणाऱ्याकडे जाऊ नका. लैंगिक क्षमता वाढवण्याच्या औषधांची जाहिरात करायला आपल्याकडे 1954च्या कायद्याने बंदी आहे. म्हणून हल्ली या जाहिराती जोम, एनर्जी असे शब्द वापरतात.

ताठरतेसाठी वेगळी गोळी असते, सिल्डेनाफिल वगैरे, आणि मधुमेहातही ती पुष्कळांना लागू पडते. पण हृदयाची तपासणी होईपर्यंत मेडिकलमधून परस्पर आणून घेऊ नका. हृदयासाठी जिभेखाली ठेवायच्या सॉर्बिट्रेटसारख्या औषधाबरोबर ती घेतली तर रक्तदाब इतका कोसळतो की जीव जाऊ शकतो. ‘आयुर्वेदिक’ म्हणून विकल्या जाणाऱ्या काही ताकदीच्या कॅप्सूलमध्येही हेच औषध लेबलवर न लिहिता मिसळलेलं सापडलं आहे.

पत्नीला सांगायचं का? सांगा. दीड वर्ष तुम्ही हॉलमध्ये झोपताय, त्यांनी या दीड वर्षाचा काहीतरी अर्थ लावलाच असणार, आणि तो बहुधा खऱ्यापेक्षा वाईट असेल : आपण आता आवडत नाही, किंवा बाहेर काही आहे. एवढंच म्हटलं तरी चालेल, ‘मला बऱ्याच महिन्यांपासून जमत नाहीये. त्याची लाज वाटत होती म्हणून बाहेर झोपायला लागलो. तुझ्यात काही कमी नाही. डॉक्टरकडे जाणार आहे, तू येशील का?’ मोठी चर्चा करायची गरज नाही. त्याही पन्नाशीच्या आसपास असतील. पाळी जाण्याच्या काळात त्यांच्याही शरीरात बदल चालू असतील, कदाचित त्याही काही बोलायच्या थांबल्या असतील. आणि त्या सोबत असणं उपचाराच्या दृष्टीनेही कामाचं आहे. घोरता घोरता तुमचा श्वास मध्येच थांबतो का, हे डॉक्टर विचारतील तेव्हा उत्तर त्यांनाच देता येईल.

क्रम असा ठेवा. आधी ईसीजी आणि डॉक्टरांची भेट. त्याच वेळी एचबीए1सी (गेल्या तीनेक महिन्यांची सरासरी साखर), हिमोग्लोबिन, बी-12, थायरॉइड, मूत्रपिंडासाठी क्रिएटिनिन आणि कोलेस्टेरॉलसाठी लिपिड. टेस्टोस्टेरॉनची घाई करू नका. दिवसपाळी सुरू होऊन चार-पाच रात्री नीट झोप झाली की सकाळी आठच्या सुमारास उपाशीपोटी रक्त द्या, सोबत एसएचबीजी मोजायला सांगा, आणि काही दिवसांनी तसंच पुन्हा. दोन्ही वेळा कमी आलं तर एलएच, एफएसएच आणि प्रोलॅक्टिन ही पिट्युटरीची हार्मोन्स मोजा, म्हणजे बिघाड अंडकोषांत आहे की पिट्युटरीत ते कळेल. छत्रपती संभाजीनगर, पुणे, मुंबई, नागपूर इथे एंडोक्रायनॉलॉजिस्ट आहेत; तुमच्या डॉक्टरांकडून चिठ्ठी घेऊन जा. जाताना चालू असलेल्या सगळ्या गोळ्यांची पाकिटं बरोबर न्या, आणि कुणी कुठली भस्मं-चूर्णं दिली असतील तर त्यांच्या डब्यासुद्धा.